मूळ राखावे, फळ वाटावे

आम्ही उर्दू माध्यमाच्या शाळेत इतिहास शिकवतो. परिपाठाच्या वेळी कधी कधी मुलांना थोरांच्या गोष्टीही सांगतो. त्यात हजरत उमर (र.) यांची गोष्ट ठरलेली असते. एवढ्या मोठ्या राज्याचा खलिफा, पण कुर्त्याला ठिगळे. रात्री वेश पालटून मदिनेच्या गल्ल्यांतून फिरणारा, स्वतःच्या पाठीवर पिठाचे पोते वाहणारा. मुले ऐकतात, आम्हालाही सांगताना बरे वाटते. गेल्या वर्षी ही गोष्ट संपली आणि नववीतली एक मुलगी उभी राहिली. म्हणाली, "सर, कुर्त्याला ठिगळं होती हे कळलं. पण इराण जिंकलं तेव्हा जो पैसा आला तो गेला कुठं? कुणाला मिळाला?"

आम्ही वेळ मारून नेली. घंटा झाली होती, हेही खरे. पण प्रश्न मनातून गेला नाही. वर्षानुवर्षे आम्ही ठिगळांची गोष्ट सांगत आलो, हिशोबाची कधी सांगितली नाही. जुम्म्याच्या बयानात, सीरतच्या जलशात, शाळेच्या स्नेहसंमेलनात, सगळीकडे हेच. राज्यकर्ता साधा होता एवढ्यावर आपण खूष होतो. त्याने संपत्ती कोणत्या नियमाने वाटली, त्यावर कोणते वाद झाले, कोण रागावले, कुठे चूक राहिली, हे विचारत नाही. त्या मुलीने ते विचारले. हा लेख म्हणजे तिला उशिरा दिलेले उत्तर आहे.

उत्तराची सुरुवात इराकच्या काळ्या जमिनीपासून करावी लागेल.

दजला आणि फुरात या दोन नद्यांच्या गाळाने बनलेल्या इराकच्या सुपीक मैदानाला अरब लोक 'सवाद' म्हणत. सवाद म्हणजे काळेपणा. ओसाड वाळवंटातून येणाऱ्याला खजुरीची आणि पिकांची हिरवाई लांबून काळीभोर दिसे, म्हणून हे नाव. इ.स. ६३६च्या सुमारास कादिसियाच्या लढाईत इराणी फौजेचा पराभव झाला. ६३७ मध्ये हजरत सअद बिन अबी वक्कास (र.) यांच्या फौजेने राजधानी मदाइन घेतली. गनिमतीचा माल, म्हणजे सोने, चांदी, गालिचे, हत्यारे, नियमाप्रमाणे वाटला गेला. पाचवा हिस्सा मदिनेला, चार हिस्से सैनिकांना. यात वाद नव्हता. वाद पुढे उभा राहिला. या जमिनीचे काय? आणि ती कसणाऱ्या लाखो शेतकऱ्यांचे काय?

सैनिकांचे म्हणणे सरळ होते. हे आमच्या तलवारीने मिळाले आहे, आम्हाला वाटून द्या. या मागणीला आधारही होता. इ.स. ६२८ मध्ये खैबर जिंकल्यावर प्रेषित मुहम्मद (स.) यांनी तिथल्या जमिनीचे हिस्से पाडले होते. निम्मे हिस्से लढणाऱ्यांना दिले आणि निम्मे राज्याच्या गरजांसाठी राखून ठेवले. वाटून मागणाऱ्यांमध्ये साधीसुधी माणसे नव्हती. हजरत बिलाल (र.) होते, हजरत जुबैर (र.) होते, हजरत अब्दुर्रहमान बिन औफ (र.) होते. ज्या बिलाल (र.) यांनी मक्केच्या तापलेल्या वाळूवर छातीवर दगड झेलला, त्यांना लोभी म्हणण्याची आपली छाती नाही. त्यांना तो न्याय वाटत होता. ज्याने रक्त सांडले त्याला मोबदला मिळावा, हाही न्यायाचाच एक विचार आहे.

हजरत उमर (र.) यांनी नकार दिला. त्यांचा मुद्दा काझी अबू यूसुफ यांच्या 'किताबुल खराज' या ग्रंथात आला आहे. अबू यूसुफ हे खलिफा हारून रशीद यांचे मुख्य काझी. त्यांचा मृत्यू इ.स. ७९८ चा, म्हणजे घटनेनंतर दीडशे वर्षांनी. पण इस्लामी अर्थव्यवस्थेवरच्या सर्वांत जुन्या उपलब्ध ग्रंथांत त्यांच्या ग्रंथाची गणना होते. त्यातला आशय असा : ही जमीन आज तुम्हाला वाटून टाकली, तर उद्या येणाऱ्यांसाठी काय उरेल? जमीन कसणाऱ्यांसकट वाटली जाईल, बापाकडून मुलाकडे जाईल आणि इराक-शामच्या विधवांना, अनाथांना देण्यासाठी काही राहणार नाही. सरहद्दीवरच्या छावण्यांचा खर्च कशातून होईल? या चर्चेत हजरत मुआज बिन जबल (र.) यांनीही इशारा दिल्याचे दुसऱ्या एका जुन्या ग्रंथात, अबू उबैद यांच्या 'किताबुल अमवाल'मध्ये सांगितले आहे. आज वाटणी झाली की मोठे उत्पन्न थोड्या लोकांच्या हाती जाईल, ते मरतील आणि शेवटी सगळे एखाद्या पुरुषाच्या किंवा एखाद्या बाईच्या मालकीचे होऊन बसेल, असा तो इशारा होता.

वाद दोन-तीन दिवस चालला. बिलाल (र.) आणि त्यांच्या साथीदारांचा आग्रह इतका, की उमर (र.) यांना त्यांच्यापासून सुटका मिळावी म्हणून अल्लाहकडे दुआ करावी लागली, असे अबू यूसुफ लिहितात. हजरत अली (र.), हजरत उस्मान (र.) आणि हजरत तलहा (र.) यांनी उमर (र.) यांची बाजू घेतली. तरी खलिफांनी हुकूम काढून मोकळे होणे पसंत केले नाही. त्यांनी अन्सारांपैकी दहा जाणते बोलावले. पाच औस कबिल्याचे, पाच खजरजचे. त्यांना सांगितले, की ही अमानत तुम्हीही माझ्याबरोबर उचला, मी तुमच्यातलाच एक आहे, तुम्ही माझ्या मर्जीप्रमाणे बोलावे असे मला नको. आणि मग त्यांनी कुरआनच्या सूरह हश्रचा आधार समोर ठेवला. या सूरहच्या सातव्या आयतीत वाटपाचे कारणच दिले आहे. संपत्ती फक्त श्रीमंतांच्याच हातांत फिरत राहू नये, हे ते कारण. पुढच्या आयतींत हक्कदार मोजले आहेत. आधी मुहाजिर, मग अन्सार, आणि मग त्यांच्यानंतर येणारे. उमर (र.) यांनी बोट ठेवले ते या तिसऱ्या गटावर. जे अजून जन्मलेलेच नाहीत, त्यांचाही हिस्सा आहे. त्यांना वगळून वाटणी कशी करायची? सभेने हे मान्य केले.

आम्हाला या प्रसंगाची खरी किल्ली दुसऱ्या एका लहान घटनेत दिसते. खैबरच्या वाटणीनंतर उमर (र.) यांना तिथे एक उत्तम जमीन मिळाली होती. एवढी मोलाची वस्तू आपल्याला कधी मिळाली नव्हती, तिचे काय करावे, असे त्यांनी प्रेषितांना (स.) विचारले. सल्ला मिळाला, की मूळ राखून ठेवा आणि उत्पन्न दान करा. उमर (र.) यांनी तसेच केले. ती जमीन विकायची नाही, बक्षीस द्यायची नाही, वारसांत वाटायची नाही. तिचे फळ गरिबांना, नातलगांना, गुलामांच्या सुटकेसाठी, वाटसरूंना आणि पाहुण्यांना. व्यवस्था पाहणाऱ्याने बेताने खावे, पण साठवू नये. हदीसच्या ग्रंथांत ही हकिकत आहे आणि वक्फच्या कायद्याचा पाया म्हणून ती सांगितली जाते. मूळ राखावे, फळ वाटावे. जो नियम एका शेताला लावला होता, तोच नियम काही वर्षांनी उमर (र.) यांनी संपूर्ण इराकला लावला. पुढे काही फकीहांनी सवादची जमीन ही सर्व मुसलमानांसाठीची वक्फच मानली, ते यामुळेच.

आता हिशोबाची बाजू. जमीन वाटायची नाही असे ठरल्यावर शेतकरी आपापल्या जमिनीवर राहिले. ते गुलाम झाले नाहीत. त्यांच्यावर खराज, म्हणजे जमिनीचा सारा, बसवायचा होता. त्यासाठी आधी मोजणी. हजरत उस्मान बिन हुनैफ (र.) आणि हजरत हुजैफा बिन यमान (र.) यांना या कामावर पाठवले. मोजणी ३ कोटी ६० लाख जरीब भरली. जरीब म्हणजे आपल्याकडचे साधारण पंधरा-सोळा गुंठे. दर पिकाप्रमाणे वेगळे. एका रिवायतीप्रमाणे जरिबाला गव्हासाठी ४ दिरहम, जवासाठी २, द्राक्षांसाठी १०. म्हणजे कोरडवाहू माणसाला आणि बागायतदाराला एकच पट्टी नव्हती. गैरमुस्लिम प्रौढ पुरुषांवर जिझिया होता, तोही ऐपतीप्रमाणे : श्रीमंताला ४८ दिरहम, मध्यम माणसाला २४ आणि कष्टकऱ्याला १२. स्त्रिया, मुले, अपंग यांना माफ. एका म्हाताऱ्या आंधळ्या यहुदी माणसाला भीक मागताना पाहून उमर (र.) यांनी त्याचा जिझिया माफ केला आणि त्याला व त्याच्यासारख्यांना बैतुलमालमधून मदत लावून दिली, हेही अबू यूसुफ यांनीच नोंदवले आहे. तरुणपणी ज्याच्याकडून घेतले त्याला म्हातारपणी वाऱ्यावर सोडणे हा न्याय नाही, असे त्यामागचे कारण होते.

सवादचा सारा दहा कोटी दिरहमांच्या घरात गेला. एवढा पैसा मदिनेने कधी पाहिला नव्हता. तो वाटण्यासाठी हिजरी २०च्या सुमारास, म्हणजे इ.स. ६४१ मध्ये, नोंदवही तयार झाली. तिचे नाव दीवान. माणसांची नावे कबिल्याप्रमाणे लिहिली गेली. लिहिणाऱ्यांनी खलिफांचे घराणे वर घातले, तेव्हा त्यांनी ते खोडायला लावले. प्रेषितांच्या (स.) घराण्यापासून सुरुवात करा आणि उमरला त्याच्या जागी लिहा, असे सांगितले. त्यांचे चिरंजीव अब्दुल्लाह (र.) यांना हजरत उसामा बिन जैद (र.) यांच्याहून कमी वेतन लागले. मुलाने तक्रार केली, तेव्हा उत्तर मिळाले, की प्रेषितांना (स.) तुझ्यापेक्षा उसामा आणि तुझ्या बापापेक्षा उसामाचा बाप अधिक प्रिय होता.

याच नोंदवहीशी जोडलेली एक गोष्ट आम्ही मुलांना आता मुद्दाम सांगतो. दूध सुटलेल्या मुलाला दीवानमधून वेतन मिळे, अंगावर पिणाऱ्याला नाही. एका रात्री मदिनेबाहेर उतरलेल्या काफिल्यात एक तान्हे मूल सारखे रडताना उमर (र.) यांनी ऐकले. दोन-तीनदा आईला सांगून पाहिले. शेवटी ती वैतागून म्हणाली, की याचे दूध तोडते आहे, कारण उमर अंगावर पिणाऱ्या मुलाला काही देत नाही. त्या सकाळच्या नमाजीत रडण्यामुळे त्यांची किरात लोकांना नीट ऐकू येईना, असे सांगतात. नमाजीनंतर त्यांनी दवंडी पिटवली, की मुलांचे दूध लवकर तोडू नका, जन्मल्या दिवसापासून प्रत्येक मुलाला वेतन मिळेल.

वाचकहो, ही गोष्ट आपण दयाळूपणाची म्हणून ऐकतो. आम्हाला ती सरकारी नियमाची गोष्ट वाटते. नियम चांगल्या हेतूने केलेला होता, पण त्याचा फटका एका तान्ह्या मुलाला बसत होता. ते लक्षात येताच खलिफांनी त्या मुलापुरती मदत दिली नाही, नियम बदलला. पिठाचे पोते पाठीवर वाहण्यापेक्षा हे काम मोठे आहे.

इतिहास लिहायचा तर उणी बाजूही लिहिली पाहिजे. दीवानमधले वाटप सारखे नव्हते. पहिले खलिफा हजरत अबू बक्र (र.) सर्वांना समान देत. कोणी म्हणाले, की आधी ईमान आणणाऱ्यांना जास्त द्या, तर ते म्हणत, की त्या श्रेष्ठतेचा मोबदला अल्लाहकडे आहे, हा तर पोटापाण्याचा प्रश्न आहे आणि त्यात समानताच बरी. उमर (र.) यांचे मत वेगळे. प्रेषितांविरुद्ध (स.) जे लढले आणि प्रेषितांबरोबर जे लढले त्यांना मी एका मापाने मोजणार नाही, असे ते म्हणत. म्हणून प्रेषितांच्या (स.) पत्नींना वर्षाला १० ते १२ हजार दिरहम, बद्रवाल्यांना ५ हजार, त्यांच्यानंतरच्यांना ४ हजार, ३ हजार, असे उतरत जाऊन शेवटच्यांना काही शेकडे. काही वर्षांतच या फरकातून काहींकडे पैसा साठू लागला. पैशातून व्यापार, व्यापारातून आणखी पैसा. आयुष्याच्या अखेरच्या काळात उमर (र.) यांनाही हे जाणवले. पुढचे वर्ष मिळाले तर शेवटच्या माणसाला पहिल्याच्या बरोबरीला आणीन, असा इरादा त्यांनी बोलून दाखवल्याची नोंद आहे. ते वर्ष मिळाले नाही. इ.स. ६४४ मध्ये फजरच्या नमाजीत त्यांच्यावर खंजिराचे वार झाले. त्याच्या जेमतेम चार दिवस आधी त्यांनी सवादची मोजणी करणाऱ्या त्या दोघांना गाठून विचारले होते, की जमिनीला पेलणार नाही इतके ओझे तर तुम्ही घातले नाही ना? आणि म्हणाले होते, की अल्लाहने सलामत ठेवले तर इराकच्या विधवांना माझ्यानंतर कोणापुढे हात पसरायची गरज राहणार नाही अशी व्यवस्था करीन. सहीह बुखारीत ही हकिकत आहे.

आणखी एक गोष्ट नजरेआड करता येत नाही. ज्या शेतकऱ्यांच्या घामातून हे दहा कोटी येत होते, ते बहुतेक देणाऱ्यांच्या यादीत होते. घेणाऱ्यांच्या यादीत त्यांचे नाव नव्हते. उमर (र.) यांच्यानंतर जमीन राखण्याचा नियमही सैल पडत गेला. अदलाबदलीने, इनामाने इराकात मोठाल्या इस्टेटी उभ्या राहिल्या. हजरत अबू जर गिफारी (र.) यांनी शाममध्ये याविरुद्ध आवाज उठवला. गरजेपेक्षा जास्त साठवणे हेच मुळी गैर, असे त्यांचे मत होते. इतर बहुतेक सहाबींचे म्हणणे, की जकात दिल्यावर उरलेला माल हलाल आहे. उम्मतने दुसरे मत घेतले. अबू जर (र.) इ.स. ६५२च्या सुमारास रबजाच्या माळरानावर एकांतात वारले. फिकहच्या दृष्टीने त्यांचे मत मागे पडले असेल, पण त्यांना दिसलेला धोका खोटा नव्हता. उमय्या काळात खराज हा राजवाड्याच्या खर्चाचा झरा झाला. हजरत उमर बिन अब्दुल अजीज (र.) यांनी ७१७ ते ७२० या उण्यापुऱ्या अडीच वर्षांत तो पुन्हा मार्गावर आणण्याचा प्रयत्न केला. ओसाड जमिनीवर पिकत्या जमिनीचा सारा लावू नका, असे त्यांनी कूफ्याच्या अधिकाऱ्याला लिहिले. नंतर अबू यूसुफ यांनी हारून रशीद यांना सल्ला दिला, की ठरावीक रकमेऐवजी पिकाचा हिस्सा घ्या, आणि साऱ्याचे मक्ते देऊ नका, मक्तेदार रयतेला नागवतात. उमर (र.) यांचा दर आपण कसा बदलणार, या शंकेलाही त्यांनी उत्तर दिले. उमर (र.) यांनी जमिनीची ताकद पाहून दर ठरवला होता, ताकद बदलली तर दर बदलणे हेच त्यांचे अनुकरण.

सल्ला ग्रंथात राहिला. इ.स. ८६९ मध्ये त्याच इराकात, बसऱ्याजवळच्या खाऱ्या दलदलीत, जमिनीवरचा खारा थर खरवडून काढणाऱ्या आफ्रिकी गुलामांनी बंड केले. झंज नावाचे हे बंड ८८३ पर्यंत, चौदा वर्षे चालले. ज्या प्रदेशात एका खलिफाने विधवांना कोणापुढे हात पसरू द्यायचा नाही असे ठरवले होते, त्याच प्रदेशात सव्वादोनशे वर्षांनी माणसे जनावरासारखी राबवली जात होती, आणि राबवणारेही कलमा पढणारेच होते. हे सांगताना आम्हाला आनंद होत नाही. पण नियम मागे पडला आणि नुसत्या गोष्टी उरल्या की काय होते, ते यातून कळते.

त्या इराकशी आपला, मराठी बोलणाऱ्यांचा, काय संबंध, असे कोणी विचारील. संबंध आपल्या जिभेवर आहे. तलाठ्याकडे, कचेरीत आपण रोज जे शब्द वापरतो, महसूल, तहसील, रयत, वसूल, जिल्हा, ते अरबीतून फारसीच्या वाटेने मराठीत आले. वाटणीच्या वादात आपण ज्या दिवाणी कोर्टात जातो, त्या 'दिवाणी'च्या मुळाशी तोच दीवान शब्द आहे, उमर (र.) यांच्या वहीचा. शब्द आले. त्यांच्यामागचा न्याय आला का?

इथे घरातली एक गोष्ट सांगतो. १९९८ साली आमचे नाना वारले. नानी आधीच गेल्या होत्या. मागे दोन मामा, एक खाला आणि आमची अम्मी. साडेसात एकर जमीन. शरियतचा हिशोब आम्ही आता मुलांना फळ्यावर करून दाखवतो. मुलाचे दोन हिस्से, मुलीचा एक, एकूण सहा. म्हणजे प्रत्येक मामाला अडीच एकर आणि अम्मीला व खालाला सव्वा-सव्वा एकर. वारस नोंदीत चौघांची नावे लागलीही होती. मग घरात बोलणे झाले. मामा म्हणाले, की जमिनीचे तुकडे झाले तर कोणालाच पुरणार नाही, अब्बांची निशाणी एकत्र राहू द्या. अम्मी आणि खाला दुय्यम निबंधकाच्या कचेरीत गेल्या आणि हक्कसोडपत्रावर सही करून आल्या. आम्ही तेव्हा तिसरीत होतो. पेढे खाल्ल्याचे आठवते. दोघींना एकेक साडी मिळाली.

अकरा वर्षांनी अब्बा आजारी पडले. दवाखान्याच्या खर्चासाठी अम्मीला थोरल्या मामांकडे जावे लागले. मामा वाईट नाहीत. त्यांनी पैसे दिले, परतही मागितले नाहीत. पण ती मदत होती. सव्वा एकराची मालकीण आपल्याच बापाच्या जमिनीच्या उत्पन्नातून मदत घेऊन, उपकार मानून घरी आली. पुढे एकदा आम्ही विचारले, "अम्मी, सही का केलीस?" ती म्हणाली, "माहेरी पाय ठेवायला जागा राहावी म्हणून."

उमर (र.) यांची हकिकत वाचताना मामांचे वाक्य आम्हाला आठवते. तुकडे नको, जमीन एकत्र राहू द्या. वरवर पाहता दोन्ही एकच. पण उमर (र.) यांनी मूळ राखले ते फळ सगळ्यांना, न जन्मलेल्यांनाही, मिळावे म्हणून. आपल्या घरांत मूळ राखले जाते आणि फळही राखले जाते. मामांनी जमीन एकत्र ठेवून दरवर्षी बहिणींना त्यांच्या हिश्श्याचे धान्य किंवा पैसे पोहोचवले असते, तर आम्हाला बोलायला जागा नव्हती. कुरआनने वंचितांचा मालात 'हक्क' सांगितला आहे. हक्क घेणाऱ्याला खाली पाहावे लागत नाही. आपण त्या हक्काचा उपकार करून टाकला.

घराबाहेरही तेच. न्या. राजिंदर सच्चर समितीचा अहवाल नोव्हेंबर २००६ मध्ये आला. आपल्या मागासलेपणाचे आकडे म्हणून त्याची खूप चर्चा झाली. त्यातल्या वक्फच्या प्रकरणाची चर्चा मात्र त्या मानाने कमी झाली. देशभरात ४ लाख ९० हजारांहून अधिक नोंदलेल्या वक्फ मिळकती, सुमारे ६ लाख एकर जमीन, बाजारभावाने अंदाजे १ लाख २० हजार कोटी रुपये किंमत आणि वर्षाचे उत्पन्न सुमारे १६३ कोटी. नीट व्यवस्था झाली तर हेच उत्पन्न १२ हजार कोटींवर जाऊ शकते, असा समितीचा अंदाज होता. १६३ कोटी आणि १२ हजार कोटी. या दोन आकड्यांच्या मध्ये आपल्या कितीतरी शाळा, वसतिगृहे आणि दवाखाने हरवले आहेत. अतिक्रमणे सरकारी खात्यांची आहेत, इतरांची आहेत आणि आपल्यातल्या बड्या लोकांचीही आहेत. वक्फचा कायदा १९९५ साली झाला, २०१३ आणि २०२५ साली त्यात दुरुस्त्या झाल्या. कायद्याबद्दल बोलायचे ते जरूर बोलावे, तो आपला हक्कच आहे. पण नाममात्र भाड्याने वक्फचे दुकान घेऊन ते चढ्या भाड्याने दुसऱ्याला देणारा माणूस आपल्या पहिल्या सफेत नमाज पढतो, त्याबद्दल कधी बोलणार?

औरंगाबादच्या, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरच्या, पाणचक्कीला आम्ही मुलांची सहल नेतो. दूरवरच्या डोंगरातले पाणी जमिनीखालच्या नळांतून हजरत बाबा शाह मुसाफिर यांच्या दर्ग्यापर्यंत आणले आहे. त्या पाण्याच्या जोरावर चक्की फिरे आणि दर्ग्यात उतरलेल्या फकीर-मुसाफिरांसाठी पीठ दळले जाई. राज्याच्या वक्फ बोर्डाचे कार्यालयही त्याच आवारात आहे. मुले हौदातले मासे पाहतात, वडाखाली डबे सोडतात. आता आम्ही त्यांना तिथेच बसवून विचारतो, की पाणी कोणाचे, चक्की कोणाची आणि पीठ कोणाचे? एकदा कळले की उत्तर सोपे आहे. पाणी आणि चक्की कोणा एकाची नाही, त्यांना कोणी विकू शकत नाही. पीठ मात्र रोज वाटायचे.

शिबली नोमानी यांच्या 'अल-फारूक'ची (१८९९) प्रत आमच्या शाळेच्या कपाटात आहे. त्यात खराजवर, मोजणीवर, दीवानवर पानेच्या पाने आहेत. ती पाने कोरी करकरीत आहेत. ठिगळांची पाने तेवढी हाताळून मऊ झाली आहेत.

त्या मुलीला आम्ही दुसऱ्या आठवड्यात उत्तर दिले. फळ्यावर जरीब लिहिला, दर लिहिले, दीवानचे आकडे लिहिले, बिलाल (र.) यांची बाजूही सांगितली. तिने सगळे वहीत उतरवून घेतले आणि विचारले, "सर, मग नानांच्या घरात माझ्या अम्मीचापण हिस्सा असतो का?" आम्ही म्हणालो, "असतो." वर्ग थोडा वेळ शांत होता.

अब्बांना जाऊन आता काही वर्षे झाली. त्यांच्या मागे दोन खोल्यांचे घर आहे. वारस नोंद अजून व्हायची आहे. आम्हाला दोन बहिणी आहेत. दोघी म्हणतात, की भाई, आम्हाला काही नको, तुम्ही म्हणाल तिथे सही करू. अम्मी शेजारी बसून ऐकते, काही बोलत नाही. कागद तयार करायला आम्ही पुढच्या महिन्यात जाणार आहोत. त्यावर अम्मीचा आठवा हिस्सा आधी लिहायचा, मग दोघी बहिणींची नावे, आणि सोडपत्राचा विषय काढायचा नाही, एवढे ठरवले आहे.